बाणाच्या बटणांवरचा निळा रंग

पुनावळे,
रविवार, २३ फेब्रुवारी २०२५

चि. प्रज्वल यास,

आशीर्वाद. तू खुशाल असशील असं धरून चालतो. इकडे आम्ही बरे आहोत. आईचा उजवा गुडघा जिना चढताना कुरकुरतो, पण इथं लिफ्ट आहे, त्यामुळे निभतं. रुपाली शाळेत बालवर्ग शिकवते, तिथलं स्नेहसंमेलन परवाच पार पडलं. त्याच शाळेत तिची तेजू अकरावीला आहे. तिची परीक्षा तोंडावर आली आहे. आंब्याला मोहोर चांगला आहे म्हणतात. इथं आंबा म्हणजे सोसायटीच्या गेटजवळचा एकच, पण बातमी म्हणून लिहिलं.

तुझा पत्ता रुपालीनं दिला. तुझ्या बहिणीवर रागावू नकोस. मी मागितल्यावर द्यायला तिनं दोन दिवस घेतले. फोन केला असता, पण फोनवर माझा आवाज चढतो. कागदावर चढला तर खोडता येतो.

तर एका यंत्राबद्दल लिहायचं आहे. जुनं काही उकरायचं नाही, असं ठरवून बसलो आहे.

तेजूकडे एक कॅल्क्युलेटर आहे. आपल्या साध्यासारखा नव्हे, विटेएवढा जाड, वर मोठा पडदा, त्यावर आलेख निघतात. त्यांच्या शाळेत तो लागतोच. कुठून आणलास विचारलं तर म्हणाली, "सेकंडहँड मिळाला, आबा." कुणाकडून ते सांगितलं नाही. माझ्या मनात पहिली पाल तिथं चुकचुकली.

मग सेल. त्यात चार बारीक सेल लागतात आणि ते आणायचं काम माझ्याकडे. नाताळात घातलेले संपले, पुढचे आठ दिवसांत संपले. मी दुकानदाराशी भांडून आलो. त्याच पाकिटातले दोन भिंतीवरच्या घड्याळात घातले, ते अजून चालताहेत. गणितं सोडवायला इतकी ताकद लागत नाही. चाळीस वर्षं मशीनजवळ काढली, कुठलं मशीन किती खातं एवढं मला कळतं.

नंतर लक्ष ठेवलं. पोरगी आकडे दाबत नव्हती. वरच्या कोपऱ्यात चार बाण आहेत, वर-खाली-डावं-उजवं, तेवढेच टकाटका दाबायची आणि स्वतःशीच हसायची. मी जवळ गेलो की पडद्यावर लगेच बेरीज-वजाबाकी. एकदा रुपालीच्या लॅपटॉपला वायर लावून बसली होती. पडद्यावर एक पट्टी डावीकडून उजवीकडे सरकत होती. "हे काय चाललंय?" तर म्हणे अपडेट. मी स्वयंपाकघराकडे पाहिलं, तिथं तुझी आई शेंगा सोलत होती आणि तिच्याही चेहऱ्यावर तेच हसू. मी रुपालीला म्हटलं, पोरीकडे लक्ष ठेव, त्या डबीतून कुणा मुलाशी बोलते ती. रुपाली म्हणाली, "बाबा, कॅल्क्युलेटरवरून कुणी बोलतं का?" आणि तीही हसली.

घरातल्या तीन बायका हसतात आणि मला कारण कळत नाही, म्हणजे पाणी मुरतंय कुठंतरी. कावीळ झालेल्याला सगळं पिवळं दिसतं म्हणतात. पण ती झालेल्याला कुठं कळतं?

आता पुढचं लिहायला थोडं अवघड जातंय. माझ्या ट्रंकेत मार्किंग ब्ल्यूची एक डबी अजून आहे. तुला ठाऊक आहे ती कशासाठी असते. डायच्या, त्या पोलादी साच्याच्या, एका भागाला बोटानं हलका निळा रंग पुसायचा, दुसरा भाग त्यावर टेकवायचा, जिथं टेकला तिथं डाग उमटतो. डोळ्यांना न दिसणारं रंग दाखवतो. ९ तारखेला, रविवारी, तेजू मैत्रिणीकडे काळेवाडीला गेली होती, यंत्र टेबलावर होतं. मी चार बाणांवर पुसट ब्ल्यू फिरवला. बटणं काळी, काही दिसत नव्हतं. म्हटलं, संध्याकाळी येईल, बसेल, आणि जेवायला पान घेईल तेव्हा अंगठे बघू. गणित करत असेल तर आकडे दाबेल आणि बोटं कोरी राहतील. माझ्या हुशारीवर मी खूश होतो.

चार वाजता तुझ्या आईनं चहाचा कप पुढं केला. तिचा अंगठा निळा होता.

"शाई लागली वाटतं कसलीतरी," ती म्हणाली आणि पदराला पुसायला लागली.

मी टेबलावरून यंत्र उचललं. कप घेऊन खोलीत गेलो, दार लावलं, यंत्र उघडलं. इंग्रजी मला कुणी शिकवलं नाही, ड्रॉइंग आणि मॅन्युअल वाचून जेवढं आलं तेवढंच. पण तेवढं पुरलं. यादीत एक नाव होतं, AAI. ते दाबलं. पडद्यावर BHOSARI आलं, खाली एक चौकोनी बस आणि समोरून येणारे खड्डे. बाणांनी बस वाचवायची. माझी बस पहिल्याच खड्ड्यात गेली, तीन वेळा. पाचव्या खेपेला मोशीपर्यंत पोचलो. तिथं बस थांबली आणि अक्षरं आली:

AAI JEVLIS KA

मी पुन्हा खेळलो. चाकणला पोचायला अर्धा तास लागला. रस्ता तिथंच संपला आणि आलं, GUDGHA KASA AHE. तेव्हा कळलं की तू चाकणला आहेस. सव्वादोन वर्षांत मला एवढंही ठाऊक नव्हतं.

शेवटी गुणांची यादी येते, ती तूच लिहिलीस म्हणून तुला सांगायला नको. AAI ६४०. TEJU ४१०. आणि तिसरं नाव, BABA, शून्य.

इथं मला रडू आलं असं लिहिलं तर तुला बरं वाटेल, पण ते खोटं होईल. मला राग आला. माझ्या घरात, माझ्या पाठीमागं, सगळ्यांनी मिळून. तुझ्या आईचा फोन मी दर रविवारी रिचार्जच्या निमित्तानं हातात घेतो आणि कुणाकुणाचे फोन आले ते बघतो, म्हणून तुम्ही ही वाट काढलीत, हेही त्याच क्षणी कळलं आणि त्याचाही राग आला. परीक्षेआधी शाळा सगळ्यांच्या यंत्रांची मेमरी पुसून घेते. ते कसं पुसायचं याचा कागद तेजूनं कव्हरमध्ये ठेवलेला. मॅन्युअल वाचून काम करणारा माणूस मी. एकेक पायरी वाचली आणि पुसून टाकलं. पडद्यावर लिहून आलं की मेमरी साफ झाली.

संध्याकाळी तुझ्या आईनं यंत्र घेतलं. बराच वेळ बटणं दाबत राहिली. तेजू डोकावून म्हणाली, "आजी, यात काहीच नाहीये." मग दोघींनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, मी पुसलं.

मला वाटलं, भांडेल. ती भांडली नाही. अंगठ्याकडे बघत म्हणाली, "तीनदा साबण लावला, निघत नाही. पोराचाही असाच निघाला नसेल."

तेजू म्हणाली, आजी, फाइल मामानं पाठवलेली आहे, लॅपटॉपवरून दोन मिनिटांत परत टाकते. तुझी आई म्हणाली, "नको. ज्यांनी पुसलं त्यांनी मागवावा."

आज पंधरा दिवस झाले. ती त्या यंत्राला हात लावत नाही. चौथी शिकलेली बाई, तुझी दोन ओळींची अक्षरं वाचायला बासष्टाव्या वर्षी एबीसीडी शिकली होती, हे मला तेजूनं नंतर सांगितलं. मिसळणाच्या डब्याच्या झाकणाच्या आतल्या बाजूला तिनं पेनानं अक्षरं लिहून ठेवलीत.

पत्र काल इथंच संपवलं होतं. खेळ पुन्हा पाठव, एवढंच लिहून पाकीट बंद करणार होतो. रात्र गेली. आज सकाळी वाचलं आणि माझं मलाच जाणवलं की मी डाय दाखवतोय आणि भेग झाकतोय. तेव्हा जुनं उकरायचं नाही हे खोडतो.

नोव्हेंबर २०२२. भोसरीचं वर्कशॉप. माझ्या शब्दावर तुला तिथं घेतलं होतं. इन्सर्टची, म्हणजे लोखंड कापणाऱ्या महागड्या टोकांची, पाकिटं कमी भरत होती आणि मालक माझ्याकडे बघत होता, कारण कपाटाची जबाबदारी माझी. मी कपाटाच्या मुठीला ब्ल्यू लावला. सकाळी तुझा अंगठा निळा. सात माणसांसमोर मी तुला म्हटलं, हात दाखव. तू म्हणालास, "बाबा, तुमचा व्हर्नियर बाहेर राहिला होता, तो आत ठेवला." मी म्हटलं, चोराच्या तोंडी कारण तयार असतं. तू ॲप्रन काढून बाकावर ठेवलास आणि गेलास.

प्रज्वल, तू गेल्यावर मी कपाट उघडलं होतं. व्हर्नियर आत होता, त्याच्या डबीत, जिथं मी ठेवतो तिथं. आदल्या दिवशी तो मी बाकावरच विसरलो होतो. म्हणजे मला त्याच दिवशी, अर्ध्या तासात, कळलं होतं. आणि पुढं आठ महिन्यांनी पुरवठादाराच्या खोक्यांतच पाकिटं कमी निघाली, तेव्हा तर सगळ्यांनाच कळलं. मी गप्प राहिलो. सात जणांसमोर बोललेला शब्द गिळायचा कसा, एवढाच प्रश्न मला पडला होता. तू कुठं जेवतोस, कुठं राहतोस, हा नाही पडला. घरात तुझं नाव काढायचं नाही असं मी सांगितलं, ते तुझ्यावरच्या रागानं नव्हे. तुझं नाव निघालं की तो व्हर्नियर डोळ्यांपुढं यायचा.

ब्ल्यू हात कुठं लागला ते दाखवतो. का लागला ते विचारावं लागतं. एवढं चाळीस वर्षांत शिकलो नाही.

परवा शनिवारी भोसरीला जाऊन आलो. तिथं बोलता आलं, तुला लिहिताना मात्र काल झाकलं. सातांपैकी चौघंच राहिलेत. जेवणाच्या सुट्टीत डबे उघडले होते तेव्हा उभा राहिलो आणि सगळं सांगितलं, व्हर्नियरसकट. वाटलं होतं, कुणी तोंडावर बोलेल, निदान कुणी उठून जाईल. सोनबानं भाकरी मोडता मोडता वर पाहिलं आणि म्हणाला, "ज्योतीभाऊ, हे आम्हाला तेव्हाच माहीत होतं. तुम्ही कधी सांगताय, तेवढंच बघत होतो." मग सरकून जागा केली आणि बस म्हणाला.

हे तुला कुणा दुसऱ्याकडून कळू नये म्हणून लिहिलं. यानं फिटलं असं मी समजत नाही. घरी ये, असंही म्हणत नाही. बोलवायचा हक्क माझ्याकडे उरलाय का, ते तू ठरवायचं. तुझ्या आईचा फोन मी आता हातात घेत नाही. नंबर तोच आहे.

मागणं एकच. आईचा खेळ पुन्हा पाठव. तिचे ६४० मी पुसले, ते तिच्या नावापुढं आधीच भरून देता येत असतील तर भर. तिसऱ्या नावाचं काय करायचं ते तुझ्यावर सोडतो. काढून टाकलंस तरी मी विचारणार नाही.

पत्राखाली काय लिहावं याचा बराच वेळ विचार केला. तू परवानगी दिलीस तर दुसरा शब्द लिहीन, तोवर नुसतं नाव.

ज्योतीराम