कात्री लावणार नाही

३ नोव्हेंबर, सकाळी ९
आजपासून लग्नं बंद. एकवीस वर्षं इंदिरानगरच्या या खोलीत बसून लोकांच्या अक्षता एडिट केल्या. रुसलेली आत्या काढा, नाचणारा मामा ठेवा. पुरे. यापुढे मी स्वतंत्र चित्रकर्ता. निर्माता मी, दिग्दर्शक मी, संकलक मी. तिघांचं एकमत आहे.

फिल्मचं नाव 'सावलीची बाजू'. हरसूलकडच्या पाड्यावर एक म्हातारी अंगणात बसली आहे. सावली सरकते तशी तीही सरकते. सकाळ ते संध्याकाळ. बस्स.

प्रतिज्ञा: जन्मभर कापाकापी केली. या फिल्मला कात्री लावणार नाही. जे शूट होईल ते सगळं राहील.

स्नेहल (बायको. बँकेत आहे, त्यामुळे श्वासालाही मुदत घालते) म्हणाली, गुढीपाडव्यापर्यंत तुझी फिल्म एखाद्या फेस्टिवलला लागली तर खुशाल दिग्दर्शक राहा. नाही लागली तर मे महिन्यातली लग्नं घ्यायची, तीही तोंड वाकडं न करता. मी म्हणालो, मंजूर. तिने ते कागदावर लिहून फ्रिजवर लावलं. सही घेतली.

९ नोव्हेंबर
लोकेशन फायनल. पाड्यावरचा देवराम ओळखीचा, त्याच्या पोरीच्या लग्नाची कॅसेट मीच केली होती. त्याच्या शेजारची चिमणाबाई. पासष्टीची. काय चेहरा! भात कापत होती, मान वर करायला तयार नव्हती. मी बांधावरून कॉन्सेप्ट समजावला. आजी, तुम्ही काहीच करायचं नाही, नुसतं बसायचं.
ती म्हणाली, "दिसभर?"
दिवसभर.
बाई पोट धरून हसली. आनंद झाला असावा.

शूटिंग डिसेंबरात. हिवाळ्यातला लाइट मऊ असतो. देवराम "साहेब, डिसेंबरात पण..." असं काही म्हणत होता. त्याला लाइटमधलं काय कळतं? वाक्य तोडलं.

८ डिसेंबर
पाड्यावर पोचलो. मी, कॅमेरामन अब्बास आणि भाड्याच्या तीन लेन्स. (अब्बास जुन्या नाशकातला. एकवीस वर्षं माझ्याबरोबर लग्नं शूट करतो. हुशार, पण दृष्टी नाही.)
पाडा रिकामा. दाराला कुलपं. एक कोंबडी.
अब्बास म्हणाला, "ललितभाऊ, हिरोइन व्हॅनिटीत आहे का?"
देवरामला फोन लावला. मागे ट्रॅक्टरचा आवाज. म्हणाला, "साहेब, भात झोडला का आमी सगळे द्राक्षाला जातो. दरसाल. तवा तेच सांगत व्हतो, तुमी लाइट लाइट करत व्हता."
आणि चिमणाबाई?
"ती बी हितंच हाय की. सायखेड्याला, बागंत."

नाशकात जन्म. अठ्ठेचाळीस वर्षं द्राक्षं खातोय. त्यामागे कोण उभं असतं हे कधी विचारलं नाही. कलावंताने तपशिलात अडकू नये.

रिकामं अंगण अडीच तास शूट केलं. सावली सरकली. कोंबडीही सरकली. म्हातारीच्या असण्यापेक्षा तिचं नसणं जास्त प्रभावी आहे, हे आज उमगलं.

९ डिसेंबर
कालचं फुटेज पाहिलं. म्हातारीचं नसणं तितकं प्रभावी नाही. विसाव्या मिनिटाला मलाच डुलकी लागली.
सायखेड्याला जाणार.

१२ डिसेंबर, सायखेडा
टोळीत बाराजण. एकराप्रमाणे उक्तं काम घेतलेलं, एक जण बसला की बाकीच्यांवर भार. सगळे वर बघत कात्रीने घडातले मणी कापतायत. मी म्हणालो, आजी, जरा सावलीत बसता का?
चिमणाबाई म्हणाली, "बाग सगळी सावलीच हाय रे बाबा. बसू कोण देतंय?"
कलेचं महत्त्व सांगितलं. टोळीतली पुतळाबाई म्हणाली, "याला पानी द्या गं, ऊन लागलं."
शेवटी तोडगा चिमणाबाईनेच काढला. "माझी येलांची वळ तू धर. मी तुझं बसते." आणि तिची कात्री माझ्या हातात.

अर्ध्या तासात माझे दोन घड झाले. फ्रेममध्ये शांत बसायचं सोडून ती तरातरा उठून आली. "हे काय? कुरवाळतो काय नुसता? काप!"
मी म्हणालो, आजी, सगळेच मणी चांगले दिसतायत.
"मंग? चांगलेच काढायचे. वाईट तर कोणीबी काढंल. समदे ठेवले तर घड भरल्यासारका दिसतो, पण मणी बारका ऱ्हातो. कोणी घेत नाय."
शेतीविषयक उपयुक्त माहिती. सिनेमाशी संबंध नाही.

वळून पाहतो तर अब्बासचा कॅमेरा आमच्यावर. ओरडलो. तिथं, तिच्या रिकाम्या जागेवर ठेव! तो म्हणाला, "सवय भाऊ. मांडवात जिकडे गलका, तिकडे कॅमेरा." म्हणूनच म्हणतो, दृष्टी नाही.

१४ डिसेंबर
तीन दिवसांत चिमणाबाईचं एकूण बसणं: सहा मिनिटं. माझे एकूण घड: एकशे चाळीस. मान वरच अडकली आहे. दिग्दर्शकाची मान ताठ असावीच.

५ जानेवारी
'सावलीची बाजू' पूर्ण. दोन तास एकावन्न मिनिटं. एक फ्रेम काढलेली नाही. शब्दाला जागलो.
स्नेहलला दाखवली. बाराव्या मिनिटाला ती मेथीची जुडी घेऊन आली. चाळिसाव्याला जुडी संपली. मग विचारलं, "कोंबडीचं पुढे काय होतं?" म्हणजे गुंतली होती.
नंतर म्हणाली, "अब्बास सांगत होता, आजी तुला झापतात. ते कुठे गेलं?"
ते फिल्मचा भाग नाही, कचरा आहे.
"मग तो कचरा आम्ही घेऊ?"
घ्या म्हटलं. रविवारची अख्खी दुपार ती आणि अब्बास डायनिंग टेबलवर लॅपटॉप घेऊन खिदळत होते. बँकेत हिला काही काम नसतं का?
संध्याकाळी माझी फिल्म फेस्टिवलला पाठवली.

२६ फेब्रुवारी, सकाळी १०.४०
मेल! विषय: 'अभिनंदन'. आत माझ्या कंपनीचं नाव! बिल्डिंगमध्ये पेढे वाटले. तळमजल्यावरच्या हुस्नबानो म्हणाल्या, "माशाल्ला, आता लग्नं नाही करणार?" मी म्हणालो, भाभी, तो माणूस गेला.

२६ फेब्रुवारी, दुपारी १
मेल पूर्ण वाचला.
फिल्मचं नाव 'घड'. नऊ मिनिटं. दिग्दर्शन: अब्बास. संकलन: स्नेहल. निर्मिती: मी. माहितीपत्रकात लिहिलंय, 'एक वृद्ध मजूर स्त्री एका अकुशल, मध्यमवयीन मजुराला काम शिकवते.'
अकुशल मजूर म्हणजे मी.
'सावलीची बाजू'चा मेल स्पॅममध्ये सापडला. दोन ओळींचा नकार. कापलेला वाटतो.

अब्बासला फोन करून झाडलं. माझं फुटेज, माझा चेहरा, आणि मला पत्ता नाही? तो म्हणाला, "भाऊ, कचरा तुम्हीच म्हणालात. पण टायमिंग काय आहे तुमचं! ॲक्टिंग केल्यासारखं वाटतच नाही."

फ्रिजकडे गेलो. युक्तिवाद: कागदावर 'फिल्म लागली तर' असं आहे. फिल्म लागली आहे. स्नेहलने चष्मा लावला. "'तुझी फिल्म' असं आहे." दिग्दर्शकाने बँकवालीशी लग्न करू नये.

१५ मार्च, सायखेडा
फायनल कॉपी पाठवायला दोन दिवस आहेत. त्याआधी चिमणाबाईला दाखवायची, हा स्नेहलचा हट्ट. मी आलो तो फक्त निर्माता म्हणून.
बागेत तोडणी चालू. जेवणाच्या सुट्टीत शेडमध्ये क्रेटवर लॅपटॉप. टोळी, भाकरी, ठेचा, नऊ मिनिटं. मी कात्री उलटी धरली तिथे हशा. "काप!" आलं तर सगळे एका सुरात "काप!" म्हणाले. देवरामला ठसका लागला.
मध्ये एक जागा आहे, मी कॅमेऱ्याकडे वळून मौनाविषयी बोलतो. फार खोल आहे. तेवढ्यात सगळ्यांनी ठेचा मागून घेतला.

संपल्यावर चिमणाबाई म्हणाली, "झ्याक हाय. पण येका जागी जड होतंय."
कुठे?
"तू मधी बोलतो तितं. बरं बोलतो. पण काढ."
मी म्हणालो, आजी, तो फिल्मचा आत्मा आहे.
ती म्हणाली, "आसंल. मणी बारका ऱ्हातोय."
अब्बास क्रेटकडे बघत होता. स्नेहल माझ्याकडे. बाराजण चावायचेही थांबले.

स्नेहलला जरा सरक म्हटलं. बावन्न सेकंद सिलेक्ट केली. बटण दाबलं.
पुन्हा सुरुवातीपासून लावली. आठ मिनिटं आठ सेकंद. कोणी ठेचा मागितला नाही.
चिमणाबाईने मान हलवली, हात झटकले आणि ओळीकडे गेली. जाताना म्हणाली, "येळ लागला तुला, पण शिकला."

परतताना स्नेहलने विचारलं, कसं वाटतंय? स्पष्ट सांगितलं. दिग्दर्शकाचा तीव्र निषेध आहे. निर्माता नाराज आहे.
संकलक काही बोलला नाही. त्याला मे महिन्यात तीन लग्नं आहेत.