पंखा बंद कर वं

रविवार, संध्याकाळ. नंदनवनातलं आमचं घर.

‘मी’ म्हणजे नेमकं कोण, यावरच्या माझ्या माहितीपटाचा पहिला कट आज आईला दाखवला. निवेदन माझंच, पुण्याच्या स्टुडिओत घासूनपुसून केलेलं. थोड्या वेळानं ती म्हणाली, “हा कोन बोलून राहिला गा?”

मीच की! लागलंच जरा.

मग तिची मुलाखत आली. सुरुवातीलाच कॅमेऱ्यामागून मी ओरडतो, “आई, पंखा बंद कर नं वं!” तेवढं कापायचं राहून गेलेलं.

“हा तू!” आई खुदकन हसली.

काय बरं वाटलं! निवेदन उद्या पुन्हा करतो, घरीच, आपल्या बोलीत. रेकॉर्डिंगपुरता पंखा बंद ठेवशील ना, विचारलं तिला.

“काहून? चालू राहू दे. तुहा आवाज समजते मले.”