कोळशाची फुली

३ मार्च

आज माझ्या तळघरात साडू बोलला!

तो तिथे नव्हता. भिंतीपलीकडे, त्याच्या घरी होता. दुपारी उकडतं म्हणून वही घेऊन खाली उतरलो. बटाट्याच्या पोत्यांमागे कुजकी फळी होती, ती सरकवली तर मागे भोक. डोकं जाईल एवढं. आतून गार झुळूक, आणि झुळकेबरोबर — "माझा चष्मा कुठे ठेवलास गं?" मांडीला मांडी लावून बसल्यासारखा स्वच्छ!

शाळेचे मास्तर पाहुण्यांना डोंगराची गोष्ट सांगतात, ती मला पाठ झालीय. डोंगर जिवंत होता तेव्हा तापलेला रस खाली वाहत आला. वरून थिजला, आतून वाहून गेला, नळ्या तेवढ्या राहिल्या. आपली वस्ती त्या नळ्यांवर बसलीय. पाहुणे दरवेळी विचारतात, "परत फुटणार नाही ना?" मास्तर म्हणतात, "विझलाय तो. कायमचा." मी फाटकातून ओरडतो, "डोंगर विझलाय हो! माणसांची हमी मागू नका!" ते हसतात, आत येतात, तांबड्या दगडाच्या दोन कुंड्या घेऊन जातात.

फळी परत लावली नाही.

४ मार्च

बायको म्हणाली, "तळघरात कुणाशी गप्पा मारत होतात?"

"वहीशी."

"मग वही काय म्हणाली?"

तिची थट्टा रास्त आहे. मला लिहायला शिकवलं तिनेच, तेही लग्नानंतर. त्यामुळे अक्षर आधी ओठावर येतं, मगच बोटात उतरतं. अगदी किराण्याची यादीसुद्धा मोठ्याने म्हणून लिहितो. मुलीला मैत्रिणींसमोर लाज वाटायची. आता तीही संसाराला लागली. मी मात्र पहिलीतल्या पोरासारखा गुणगुणतोच आहे.

६ मार्च

तासभर भोकाशी कान लावून बसलो. साडू घोरत होता. ते ऐकूनसुद्धा डोकं तापलं.

याला मी वहीत ठोंब्या म्हणतो. तोंडावर साडूभाऊ, हसून, पाठीवर हात ठेवून. वस्तीत सगळे म्हणतात, दोघे साडू किती गोडीने राहतात!

गोडी! एकदा लिहूनच काढतो.

मामांच्या, म्हणजे सासऱ्यांच्या आवारात मी हमाल म्हणून आलो. आई ना बाप. मामा भट्टीच्या लाद्या घडवायचे. पाव भाजायच्या भट्टीच्या तळाला लागतात त्या. डोंगराचाच दगड, कितीही तापवा, दाद देत नाही. फक्त आत चीर नको. चीर असली की पहिल्या मोठ्या जाळाला फुटतो, कपच्या गोळीसारख्या उडतात. म्हणून प्रत्येक लादी लाकडी मोगरीने वाजवून ऐकायची. मामांनी माझा कान ओळखला. "तुला दगड फसवू शकत नाही रे," म्हणाले. थोरली मुलगी दिली. खराब लादीवर कोळशाची फुली मारायचा मान दिला. आवारात नियम होता, जो ऐकतो त्याचीच फुली, दुसऱ्याने तिला हात लावायचा नाही.

ठोंब्या तेव्हा गाडी भरायचा. एका लादीवर मी फुली मारली आणि डोंगरावर दगड बघायला गेलो. परत येतो तो गाडी गेलेली, लादीही गेलेली. आठवड्याभरात भट्टीत फुटली. भट्टीवाल्याचा डोळा गेला.

मी म्हणालो, फुली होती. ठोंब्या म्हणाला, "मला खूण दिसली नाही." एवढंच. मान खाली घालून. मामांनी त्याचं ऐकलं. मला आवारातून काढलं. त्यांच्या शेवटच्या आजारात मी दारात उभा राहिलो, तर आतून त्यांचा आवाज आला, "त्याला आत घेऊ नका."

माझे कान तीक्ष्ण आहेत. तो आवाज अजून गेलेला नाही.

पुढे धाकटी त्याला दिली. आवारही त्यालाच. मी कुणाला नको असलेली तांबडी खडी उचलून बागवाल्यांना विकली, कुंड्या कोरल्या, वर आलो, आणि मुद्दाम त्याच्या भिंतीला भिंत लावून घर घेतलं. रोज सकाळी त्याला माझं हसू दिसावं म्हणून.

९ मार्च

पलीकडची बातमी. ठोंब्याच्या लाद्या वाजवणारे म्हातारे काका मुलाकडे कायमचे राहायला गेले. आणि नेमकं आत्ताच मोठं काम आलंय. त्याच भट्टीवाल्याचं! नवी भट्टी, पूर्ण तळ. ठोंब्या धाकटीला सांगत होता, "माझ्या कानाला सगळे दगड सारखेच. ऐकवू कुणाला?"

धाकटी फारसं बोलतच नाही. एक गंमत आहे, मी लिहायला बसलो की पलीकडे भांड्यांचा आवाज थांबतो. दुपारची पडत असेल. बरंच आहे, मला शांतता मिळते.

१० मार्च

लाद्या आल्या. गाडीतून उतरवताना मी इकडे माझ्या अंगणात कुंडीला भोक पाडत होतो. लाद्यांतली एक बसकी वाजली.

त्याला कळलं नाही. मला कळलं!

१२ मार्च

आला! स्वतः आला!

फाटकाची कडी खाली-वर करत उभा. मी म्हणालो, "या, या साडूभाऊ! वाट चुकलात की काय?"

"वाट कसली चुकतोय. मध्ये एक भिंत."

"तीच म्हणतो मी. बसा. पाणी?"

"नको. म्हणजे, चालेल. आमचे काका गेले हो मुलाकडे —"

"कळलं मला."

"कुठून कळलं?"

जीभ चावली. "वस्ती केवढीशी! तुम्ही शिंकलात तरी इकडे रुमाल निघतो."

तो हसला. मग पाण्याचा पेला हातात फिरवत बसला. शेवटी म्हणाला, "लाद्या ऐकून द्याल? मला कान नाही, तुम्हाला माहीत आहे."

"कानाचं मला माहीत नव्हतं. डोळ्याचं माहीत होतं. खुणा दिसत नाहीत तुम्हाला."

पेला फिरायचा थांबला. "तेव्हा नव्हती दिसली. आजही तेच सांगेन."

अजून तेच! इतक्या वर्षांत माणसाने निदान खोटं तरी नवीन बोलावं! मी त्याच्या पाठीवर थाप मारली, म्हणालो, "सोडा हो जुनं. उद्या येतो."

१३ मार्च

इतक्या वर्षांनी मामांच्या आवारात पाऊल टाकलं.

काहीच बदललेलं नाही. भिंतीला टेकवलेल्या लाद्या, खाली लाकडी पट्ट्या, दाराशी पाण्याचा हौद, सगळ्यावर डोंगराची तांबडी धूळ. मोगरीसुद्धा मामांचीच. मुठीला त्यांच्या अंगठ्याचा खड्डा. माझा अंगठा त्यात बरोबर बसला.

मग वाजवायला लागलो. ठण्ण. ठण्ण. स्वच्छ, लांब, डोंगराकडे जाणारा आवाज. ठोंब्या माझ्या तोंडाकडे बघत मागे मागे. प्रत्येक लादीला विचारतो, "ही?" मी म्हणतो, "उत्तम." पुढची. "ही?" "बोलायलाच नको."

कोपऱ्यातली वाजवली. बसकी. घशात काहीतरी अडकलेल्या माणसासारखी. चीर बाहेर दिसत नव्हती. मधोमध, आत. पहिल्या आठवड्यातच फुटेल.

खिशात कोळसा होता. सकाळी सवयीने टाकला असेल. हात खिशात गेला, बोटं काळी झाली.

"ही?" ठोंब्याने विचारलं.

"एक नंबर," मी म्हणालो. "सगळ्यात सरस हीच. भट्टीच्या तोंडाशी बसवा."

त्याने केवढा तरी श्वास सोडला. "फार उपकार झाले, साडूभाऊ."

धाकटीने चहा आणला होता. कप ठेवताना बशीत सांडला. "भावोजी, बोटं काळी झालीत तुमची," म्हणाली. मी म्हणालो, "कामाचा माणूस आहे, गोरी कशी राहतील?"

दगडाविषयी आयुष्यात पहिल्यांदा खोटं बोललो. चहा मात्र गोड लागला!

१४ मार्च

सगळं जसंच्या तसं होणार. तोच भट्टीवाला, तसलीच लादी. या खेपेला ती ठोंब्याच्या आवारातून गेलेली असेल. तो म्हणेल, साडूने ऐकून दिली होती. मी मान खाली घालीन आणि हळूच म्हणेन, "मी तर ही नको म्हणालो होतो." बघू, लोक कुणाचं ऐकतात! मी सगळ्यांना हसवतो, त्यांच्या लग्नकार्यात राबतो, मयताला खांदा देतो. तो घुम्या. आरशासमोर वाक्य म्हणून पाहिलं. छान जमतं.

मामा नाहीत ऐकायला, एवढंच खुपतं.

१५ मार्च

भट्टीवाला लाद्या बघायला आला होता. एका डोळ्याने बघतो, त्यामुळे मान तिरकी. बरोबर त्याची मुलगी. यापुढे भट्टी तीच चालवणार. धिटुकली आहे. माझ्या फाटकाशी थांबून म्हणाली, "काका, ती कुंडी उलटी वाजवून दाखवा ना!" वाजवली. टाळ्या वाजवल्या तिने. "बाबा म्हणतात तुमच्यासारखा कान पंचक्रोशीत नाही."

भट्टीच्या तोंडाशी आता तीच उभी राहणार.

आज जेवण गेलं नाही. उकाड्याने असेल.

१६ मार्च

स्वतःला समजावतोय. फुटताना आधी तडतडते, माणसाला बाजूला व्हायला वेळ मिळतो. भट्टीवाल्याला मिळाला नव्हता. पण तो वाकला होता. ही कदाचित वाकणार नाही.

माझं काय गेलं ते कुणी मोजलं का तेव्हा? म्हातारा मला पोर म्हणायचा. पोर! आणि दारातून परत पाठवला. ते ठोंब्याच्या पदरात टाकल्याशिवाय मी थांबणार नाही. बास.

संध्याकाळी नळावर धाकटी भेटली. हंडा भरून वाहत होता तरी नळ बंद करेना. "भावोजी, सगळ्या लाद्या चांगल्या आहेत ना?"

"माझ्या कानांवर शंका?"

"तुमच्या कानांवर नाही," ती म्हणाली. हंडा उचलून गेली.

पूर्वी मामा बोलायचे, तशी बोलली. अर्धं वाक्य तोंडात ठेवून.

१७ मार्च

गाडी गेली!

फाटकात उभा राहून हात हलवला. ठोंब्यानेही हलवला. गाडी वळणावरून डोंगराआड जाईपर्यंत कान लावून होतो. लाद्या एकमेकींवर घासत होत्या, त्यात बसकी ऐकू आली नाही. गवत भरपूर घातलं असेल मधे.

बायको म्हणाली, "आज खुशीत असायला हवं तुम्ही. शेजाऱ्याचं एवढं काम करून दिलंत. मग तोंड असं का?"

काय सांगू तिला! वर बघितलं. डोंगर त्याच्या जागी, तोंड उघडं, आत नुसतं गवत.

अजून वेळ आहे. सायकल काढली तर संध्याकाळच्या आत भट्टीवाल्याकडे पोचेन. लाद्या बसवायला दोन दिवस तरी लागतात. एक शब्द टाकला की झालं.

नाही. जाणार नाही. हे लिहितोय ते स्वतःला बांधून घालायला. जाणार नाही!

१८ मार्च

आज लिहायला बसलो. "भट्टीवाल्याच्या मुलीला" एवढं तोंडाने म्हणालो, आणि भोकातून उत्तर आलं.

"तिला काही होणार नाही, भावोजी. ती लादी इथे माझ्यापाशी आहे. तिच्या जागी बाबांच्या चुलीखालची दिली."

भोकाशी सरकलो. पेन हातात.

"पहिल्या दिवसापासून ऐकतेय. तुम्ही फार मोठ्याने लिहिता."

मग पलीकडे भांडं सरकल्याचा आवाज आला. वाटलं गेली. पण होती.

"भट्टीवाल्याचा डोळा गेला, तेव्हा लाद्या मी धुतल्या होत्या. तुम्ही डोंगरावर गेलात आणि वारा सुटला, सगळ्यावर धूळ बसली. गाडी थांबलेली. मी न बघता हौदातलं पाणी ओतत गेले. पायाशी पाणी काळं झालं तेव्हा कळलं. कुठल्या लादीचं, ते नाही कळलं. बाबांना सांगायची हिंमत झाली नाही. यांना खरंच खूण दिसली नव्हती हो, भावोजी. यांनाही मी आजवर बोलले नाही. आता यांना दोन्ही सांगायचंय, तुमचं आणि माझं. या तुम्ही. एकटीला जमणार नाही."

हे सगळं ओठ मिटून लिहिलं. पहिल्यांदाच जमलं.

भिंतीपलीकडे जातोय.