उंबऱ्यावरची घंटी

॥ बिरोबा प्रसन्न ॥
तीर्थपुरी, ८ जानेवारी २०२५

चि. बिभीषण यास मल्हारीचे आशीर्वाद, वि. वि.

इकडे सर्व ठीक. हे फोनवर बोलता येत नाही, रेणू घरातच असते. परवा तू लिहितोस त्या मालिकेत नवऱ्याचं घर सोडणारी बाई आंदणातल्या मेंढ्या हाकत निघाली आणि म्होरक्या मेंढीची घंटी सोडून उंबऱ्यावर ठेवून गेली. शेजारच्या चांगुणाबाईंनी मला लगेच विचारलं, ही बाई आपल्या गावची तर नव्हे?

सहा वर्षांपूर्वी आपली रेणू अशीच निघाली. निरोप आल्यावर तिच्या सासरी मी एकटा गेलो होतो. घंटीचं मी कोणालाच सांगितलं नाही, तुलाही नाही. मग तुला कुठून कळलं? बहिणीचं दुःख विकतोस का? २६ तारखेला घनसावंगीचे पाहुणे तिला पाहायला येताहेत.

मालिकेत त्या बाईचा भाऊ सासरच्या दारात उभा आहे. तो पुढं काही बोलणार आहे का, तेही कळव.

देवाला स्मरून खरं लिही.
मल्हारी

मुंबई, १५ जानेवारी

ती. दादास शि. सा. न. वि. वि.

अकरा वर्षं इथं लिहितो, त्यातली पाच दुसऱ्याच्या नावावर. म्हणून आता ज्यानं लिहिलं त्याचंच नाव लागावं, असा हट्ट धरतो. घंटी माझी नाही. कोणाची, ते न सांगण्याचा शब्द दिलाय. भाऊ काही बोलणार नाही.

रेणूच्या नावानं पाकीट येईल. तिलाच द्या. फोडू नका, माझी शाळेची प्रगतिपत्रकं तुम्हीच आधी फोडायचात.

राग धरा, पण पत्र टाकत राहा.
आपला बिभीषण

तीर्थपुरी, २८ जानेवारी

चि. बिभीषण यास आशीर्वाद, वि. वि.

पाकीट फोडलं नाही. दोन दिवस देवापुढं ठेवलं. संशय जाईना आणि हातही धजेना. पाहुण्यांच्या आदल्या दिवशी रेणूला दिलं. तिनं ते आमच्यासमोरच वाचलं. मालिकेच्या संवादलेखनात आता तिचं नाव लागणार, असं त्यात होतं. वर्षभर ती तुला वहीची पानं पाठवत होती आणि मी समजत होतो, हिशेबाला बसते.

पाहुण्यांना तिनं चहा देतानाच सांगितलं, मालिकेतली ती बाई मीच. मुलाच्या आईनं कप खाली ठेवला. मग म्हणाली, घंटी पितळेची होती का? निरोप अजून नाही.

आता माझं. मला घंटीची भीती नव्हती. मालिकेतला भाऊ गप्प राहिला. मी मात्र तिच्या सासरच्या दारात बोललो होतो, "माघारी जा. आपल्या घरी हे चालायचं न्हाई." रेणूनं तेवढंच लिहिलेलं नाही.

तेही लिही, असं तिला सांग. माझ्यानं सांगवत नाही.

लोभ उरला असेल तेवढा ठेव.
मल्हारी