ठशांची तारीख

साकेतचे बाबा,

मी दुपारच्या गाडीनं हैदराबादले चालली. उद्या कॅनडाच्या कागदासाठी आपल्या दोघाइले बोटाचे ठसे द्यायचे होते, पण तुमच्या बोटावर मशीनले आता काय दिसन? कापसाची बोंडं टोचून टोचून सारे शेंडे फाटले. ठसे होईस्तोवर बाबाले वेचणीले जाऊ देऊ नको, असं साकेतनं फोनवर किती खेप सांगतलं होतं. तुम्ही म्हणाले, बाया भेटल्या नाही, कापूस काय वावरात पडू देऊ?

सकाळी चक्कीवर वेचणीवाली शेवंता भेटली. म्हणे, "काकू, आम्ही तं आलतो, काकाजीनंच वावराच्या धुऱ्यावरून वापस पाठवलं."

तुम्हाले यायचं नव्हतं तं तोंडानं सांगा लागत होतं, बोटाइले काहून शिक्षा देली? पोराजवळ कायमचं राहाले जायची गोष्ट निघाली तवा तुम्ही नुसती मान डोलावली. तोच मी होकार समजली.

साकेतले मी काही सांगतलं नाही. तुमची तारीख बदलायची का रद्द करायची, ते त्याले तुम्हीच सांगजा. माही मी ठेवली आहे.

पोळ्या डब्यात आहेत. वरणात तिखट टाकलं नाही, बोटाइले झोंबन. खोबऱ्याचं तेल देवाजवळ ठेवलं आहे, झोपताना लावजा.

गाडीची तिकिटं दोघाइची काढून झाली होती. तुमच्या सीटवर पिशवी ठेवीन.

रजनी