माझ्या ओठांवर दुसरीचा आवाज चढू नये म्हणून

मी, ओर्तांस व्होब्रँ, वय सत्तेचाळीस, मूकपटांतली नटी, राहणार ज्वँव्हिल, मार्न नदीकाठी, हे स्वहस्ते लिहिते. फुप्फुसं गेली आहेत, डोकं शाबूत आहे. पडद्यावर मी एकवीस वेळा मेले; या खेपेला दिग्दर्शक नाही, एवढंच समाधान.

घर विकून येईल ते पॅरिसच्या मूकबधिर स्त्रियांच्या मंडळाला द्यावं. फरचा कोट शेजारच्या सिमोनला. गेली दहा वर्षं ती त्याच्याकडे टक लावून बघते आहे, माझ्याकडे एकदाही बघितलेलं नाही.

माझा घटस्फोटित नवरा, दिग्दर्शक फुल्बेर गान्रों, याला ग्लिसरीनची अर्धी बाटली. तो माझ्या अंत्ययात्रेला येणारच, फोटोवाले असतील. अश्रू त्याला कधी स्वतःचे आले नाहीत.

आता मुख्य गोष्ट. 'पुलावरची विधवा' या चित्रपटाची उरलेली एकमेव प्रत घटस्फोटात माझ्या वाट्याला आली. ती तळघरात, सायडरच्या बाटल्यांमागे, सहा डब्यांत आहे. हिच्यासाठीच फुल्बेर मागच्या महिन्यात फुलं घेऊन आला होता.

"अगं, नुसता आवाज चढवायचाय. हल्ली मुक्या चित्राला कुत्रं विचारत नाही. गोड गळ्याची एक पोरगी बघून ठेवलीय."

"पुलावरच्या प्रसंगात ती काय म्हणणार?"

"पडद्यावर संवादाची पाटी येते, तिच्यावर आहे तेच. देवा, तिला पदरात घे."

मी फुलं सिमोनच्या सशांना घातली.

तो प्रसंग फेब्रुवारी १९१३ चा. माझी धाकटी बहीण क्लेमांस चित्रातही माझी बहीणच होती. कमरेला दोर बांधून तिला नदीत उतरवलं. मी पुलावर, कॅमेरा माझ्या तोंडावर. दोर सुटला. मी ओरडले. फुल्बेर कॅमेरावाल्याला म्हणाला, "फिरवत राहा, आज बाई रंगात आहेत." क्लेमांस दुसऱ्या दिवशी बंधाऱ्याला सापडली. पोलिसांपुढे त्यानं सांगितलं, कुणी ओरडलं असतं तर मी थांबवलंच असतं. पुलावरच्या सतरा जणांनी माना डोलावल्या. पाटी त्यानंतर लिहिली गेली. वर्तमानपत्रांनी माझ्या अभिनयाची वाखाणणी केली.

आपोलिन तेसिए आमच्याकडे पोशाख शिवायची. जन्मापासून बहिरी, ओठ वाचते. पहिल्या खेळातून ती मध्येच उठली आणि माझ्या दारात येऊन उभी राहिली.

"बाई, तुम्ही देवाचं नाव घेतलंच नाहीत."

"मग मी काय म्हणाले?"

"फुल्बेर, थांबव, दोर सुटलाय, ती बुडतेय. तीनदा म्हणालात." मग तिनं विचारलं, "तिथं बाकी सगळ्यांना कान होते ना?"

मी दार लावून घेतलं. त्यानंतर त्याच माणसाचे अकरा चित्रपट केले. नाव हवं होतं, जाहिरातीवर मोठी अक्षरं हवी होती, ती मिळाली. हे मृत्युपत्रात लिहिते, कारण इथं माझं बोलणं मध्येच तोडायला कुणी नाही.

म्हणून: ही प्रत आपोलिनची. या चित्रावर कुणाचाही आवाज चढवू नये. दर फेब्रुवारीत मंडळाच्या सभागृहात ते दाखवावं, पियानो न वाजवता. पुलावरची पाटी आली की यंत्र थांबवून दिवे लावावेत, आणि आपोलिननं उभं राहून माझे शब्द तोंडानं म्हणावेत, तीनदा. तिचा आवाज फाटका आणि चढा आहे. गोड गळ्यापेक्षा तो बरा. पहिल्या रांगेतली मधली खुर्ची फुल्बेरच्या नावानं राखावी, तो आला नाही तरी.

स्वहस्ते लिहिलेल्या मृत्युपत्राला आमच्या कायद्यात साक्षीदार लागत नाहीत, असं वकील म्हणाले. मी म्हटलं, मला लागतात. मागे एकदा सतरा जण हजर होते, आणि साक्षीदार एकही निघाला नाही.

ज्वँव्हिल, ९ नोव्हेंबर १९३१
ओर्तांस व्होब्रँ

साक्षीदार:
सिमोन बारेल, शेजारीण (कोटाचं वाचूनही सही केली)
आपोलिन तेसिए, शिवणकाम. बाईंनी हे मला मोठ्यानं वाचून दाखवलं. मी त्यांच्या ओठांकडे बघत होते. लिहिलंय तेच त्या बोलल्या.