देवाच्या तोंडी

गुरुवार, दुपार

प्रिय दादा,

नमस्कार. आई बरी आहे. गुडघे कुरकुरतात, पण जीभ पूर्वीसारखीच तिखट. माझं काम जोरात चाललंय. राजे-राण्या झाल्या, साधुसंत झाले, आता मालिकेत थेट देवाचे संवाद लिहितो. तुझा भाऊ किती वर पोचला बघ! निर्माता मात्र वैतागतो, "देवाला जरा कमी बोलायला लाव, जाहिराती बसत नाहीत." आणि आमचा देव मुकुट सांभाळत सेटमागे सिगारेट ओढतो.

आईला त्याचं काय! ती रोज संध्याकाळी टीव्हीसमोर बसून त्याच्याशी बोलते. "आज दमलेला दिसतोस रे," असं काहीबाही. एकदा तिनं गुडघ्यांची तक्रार केली. मी स्वयंपाकघरातून ऐकलं आणि गंमत म्हणून पुढच्या भागात देवाच्या तोंडी घातलं, "माते, तुझे पाय दुखतात, मला ठाऊक आहे." आई हरखून गेली. "ऐकलंस? माझंच बोलला तो!" मग मला चटकच लागली. तिनं विचारायचं, मी लिहायचं, देवानं बोलायचं.

मग तिनं तुझं विचारलं. "माझा थोरला फोन का करत नाही रे?"

काय लिहिणार होतो मी? तुझ्या अपघातानंतर तुला पोचवून परत आलो, तेव्हा आई हृदयाच्या दुखण्यानं हॉस्पिटलमध्ये होती. डॉक्टर म्हणाले, आत्ता काही सांगू नका. ते 'आत्ता' संपलंच नाही. दादा कामात आहे, दादा लांब आहे, असं करत वर्ष गेलं. शेवटी देवालाही खोटं बोलायला लावलं. "दूर गेलेला मुलगा परत येईल, माते."

तेव्हापासून ती तुझी गादी उन्हात घालते. उशीला नवा अभ्रा घातलाय. तुझ्या खोलीवरून जाताना मी मान खाली घालतो. आत कुणीतरी खाकरल्याचा भास होतो आणि दादा, मला भीती वाटते. तुझी! लहानपणी तुझ्याच कुशीत शिरून झोपायचो मी.

काल तर टीव्ही लावलाही नव्हता. काळ्या पडद्याकडे बघून ती म्हणाली, "देवा, थोरला गेला हे मला केव्हाच कळलंय. धाकटा परत आला तेव्हा त्याचं तोंड बघूनच कळलं. पण तो इतका जीव लावून लपवतोय, की माझ्यानं बोलवेना. वाटलं, कधीतरी मांडीवर डोकं ठेवून रडेल. तूच सांग त्याला. नाहीतरी तुझं बोलणं तोच लिहितो."

मी ओट्यापाशी उभा होतो. चहा उतू गेला, गॅस विझला, तेव्हा कुठे मी बटण बंद केलं.

आज भाग द्यायचाय. सेटवरून फोनवर फोन येतायत. देवाचं वाक्य तेवढं कोरं आहे. राहू दे. आई बाहेर बसलीय, मी तिच्याकडे जातो. काय बोलायचं ते ठरवलेलं नाही.

तू गेल्यापासून एकदाही न रडलेला,
तुझा धाकटा